आखाडातला करंज

२५ जून

सुचिताचा हुकूम आहे, लिहायचं. उद्या ती आखाडासाठी माहेरी जाणार. लग्नाला दोन महिनेही झाले नाहीत आणि बायकोने गृहपाठ दिला. "दारातल्या करंजावर काय काय होतं ते लिहून ठेवा. मी आल्यावर वाचणार आहे." मी म्हटलं, "अन् नाही लिवलं तं?" तर म्हणाली, "तर मी येणारच नाही."

आमची जोडी गमतीची आहे. ती एम.एस्सी., प्राणिशास्त्र. मी बी.एस्सी. कृषी, वरवट बकालला खत-बियाणं-औषधांचं दुकान. अळी दिसली की तिचा हात भिंगाकडे जातो, माझा बाटलीकडे. आमच्या धंद्यात अळी म्हणजे लक्ष्मी, फक्त ती दुसऱ्याच्या शेतात असावी.

संध्याकाळी तिने मला करंजाखाली उभं केलं. एक भुरकट पाखरू झपकन आलं, कोवळ्या तांबूस पानाला जरा टेकलं आणि गेलं. मी म्हटलं, पतंग. ती म्हणाली, नाही, फुलपाखरूच. उड्या मारल्यासारखं उडतं म्हणून या घराण्याला स्किपर म्हणतात. हे कॉमन बँडेड ऑल. कॉमन म्हणजे आपल्यासारखं, कुठेही सापडणारं. पंख मिटले की मागच्या पंखावर पांढरा पट्टा दिसतो, चुन्याचं बोट ओढल्यासारखा. पहाटे आणि दिवेलागणीला हिंडतं, दुपारी पानाच्या खाली लपून पडतं. "दुकानातल्या तुमच्यासारखं," म्हणाली. ते टेकलं होतं तिथे खसखशीएवढं अंडं होतं. आपल्याकडे अंडी घालायला त्याला करंजच लागतो म्हणे.

आमचं लग्न व्हॉट्सअ‍ॅपच्या वधूवर ग्रुपवर जुळलं, मधला माणूसच नव्हता. ती घाटावरची, देऊळगाव राजाकडची. आम्ही घाटाखालचे. मला ती फार आवडते. तोंडावर सांगायची लाज वाटते म्हणून इथे लिहितो. वाचेलच ती.

२६ जून

दीपक, तिचा धाकटा भाऊ, सकाळीच गाडी घेऊन आला. आईने ओटी भरली. गाडीच्या काचेतून सुचिता म्हणाली, "मी वाट पाहीन हं." कशाची ते विचारायच्या आत गाडी निघाली. अळ्यांच्या बातमीची असणार.

घर उगाचच मोठं झाल्यासारखं वाटतंय.

१ जुलै

अंडी फुटली. अळ्या दोऱ्याच्या तुकड्याएवढ्या, डोकं तेवढं मोठं. प्रत्येकीने पानाची कड दुमडून, रेशमाचे टाके घालून स्वतःपुरती खोली शिवली आहे. आणि एक गोष्ट मला कृषी पदवीधर असून ठाऊक नव्हती. ही अळी आपली लेंडी खोलीत ठेवत नाही, मागच्या टोकाने दूर उडवून देते. आज एक बाबांच्या चहात पडली.

हे फोनवर सांगितलं तेव्हा सुचिता इतकी हसली की तिची आई विचारायला आली. ते हसणं ऐकण्यासाठी रोज काहीतरी शोधून ठेवायचं ठरवलं आहे.

५ जुलै

बाबा भडकले. करंज अर्धा संपला. "दुकानभर औषध अन् दारातलं झाड अळ्याइनं खाऊन टाकलं! गावात काय इज्जत राहीन तुही?"

मी म्हटलं, "सुनेनं राखाले सांगतलं बाबा."

"मंग सून आल्यावर तिच्याच हातानं फवारजो."

फवारणीचा पंप मी उचलून दुकानात नेऊन ठेवला. घरात राहिला तर बाबांचा हात शिवशिवेल. दुकानात कारभारी आला होता, शाळेपासूनचा दोस्त. "काय बे गजू, बायकोच्या अळ्या राखून राह्यला म्हन्ते तू?" राखतो आहे. एवढा जीव मी स्वतःच्या सोयाबीनला कधी लावला नाही.

१० जुलै, आखाडी

आईने गोड पुऱ्या तळल्या. मला सुचिताची आठवण आली, आणि आईलाही आली असावी, कारण तिने चार पुऱ्या वेगळ्या काढून ठेवल्या आणि मग स्वतःच्या वेडेपणाला हसून मलाच दिल्या.

करंजाच्या नुसत्या शिरा राहिल्यात. अळ्या आता करंगळीच्या पेरापेक्षा लांब, काही पिवळट, काही काळपट, एकाच आईची लेकरं वाटणार नाहीत. काही मात्र खोलीतच मरून पडल्या आणि शेजारी तांदळाच्या कण्यांसारखे पांढरे कोष. मला वाटलं हीच त्यांची पिल्लं. फोटो पाठवला तर सुचिता म्हणाली, "नाही. बारीक गांधीलमाशी जिवंत अळीच्या आत अंडी घालते. अळी खात राहते, वाढत राहते. वरून काही कळत नाही हो."

मग म्हणाली, "तुमच्याकडं आखाड संपल्यावर कसं असतं?"

मी म्हटलं, "आमच्याकडं सोपं असते. आखाड संपला का संपला!" मला हसू आलं. ती हसली नाही. नेटवर्क गेलं असेल.

१४ जुलै

बहुतेक अळ्या कोषात गेल्या. पानाच्या खोलीतच कोष करतात, वर पांढरी भुकटी, पिठात घोळल्यासारखी. मी बोटाने पुसून पाहिली आणि लगेच वाईट वाटलं. सातभाईंची टोळी रोज येऊन उरलेल्यांवर हात मारते. आज हातात काठी घेऊन बसलो होतो. बाबा म्हणाले, "गिऱ्हाइकं दुकानावर उभे हायेत अन् हा इथं पाखरं हाकलून राह्यला." दुकानातही बसलोच होतो नंतर, पण लक्ष लागत नाही. काल बुरशीनाशकाच्या ऐवजी तणनाशक देत होतो, गिऱ्हाइकानेच हात धरला.

तिच्याशिवाय करमत नाही. चांगलंच झालं की फुलपाखरांचं निमित्त आहे, नाहीतर रोज फोन कशाला करू?

२१ जुलै

आज पहाटे एक बाहेर आलं. कोषाला चीर गेली, आधी डोकं, मग ओले चुरगळलेले पंख. पानाला उलटं लटकून राहिलं, पंख हळूहळू उघडले, तो पांढरा पट्टा दिसला. मला एकदम भरून आलं. मी, ज्याने आयुष्यात लाखो अळ्या मारायला मदत केली. पंख वाळल्यावर ते जे सुटलं ते कारभारीच्या घरावरून दिसेनासं झालं.

व्हिडिओ पाठवला. "छान" एवढंच आलं. फोन केला. म्हणाली, ही जात कधी कधी थव्याने लांब जाते, त्याच झाडावर परत येईल असं नसतं. मी म्हटलं, "जाऊ दे, दुसरं येईन." ती म्हणाली, "असं का?" मग तिला तिच्या आईने बोलावलं.

२५ जुलै

श्रावण लागला. आईने आमची खोली झाडूनपुसून ठेवली, नवी चादर घातली. जेवताना मी बाबांना विचारलं, सुचिताचं कसं करायचं?

"करायचं काय? ते आनून घालतीन. आपल्या घरात पयल्या आखाडाची सून तिचा बाप आनून घालते, शिदोरी घेऊन. तुह्या मायले बी असंच आनलं होतं."

आई म्हणाली, "हाव. आपन गेलो तं त्याइले वाटीन, पोरीले लवकर आनून सोडलं नाही म्हनून तगादा कराले आले. बरं नाही दिसत."

म्हणजे आता ते आणतील. आठवड्याच्या आत येईल. दाढी करून घेतली.

२९ जुलै, नागपंचमी

सकाळी सुचिताचा फोन आला. आपणहून. "आज सगळ्या मैत्रिणी आल्यात. एकेक निघायली सासरी. माझी बॅग भरूनच ठेवली मी."

मला इतका आनंद झाला की काय बोलावं सुचेना. म्हणून म्हटलं, "बॅगीत अळ्या-बिळ्या नको भरजो, इथं खूप हायेत."  ती म्हणाली, "फोन ठेवू का?"

आईला सांगितलं, ती निघते आहे. आईने दिंडं केली, भजी केली. बाबा पांढरा सदरा घालून ओट्यावर बसले. गाडीचा आवाज आला की तिघंही उठायचो. दिवे लागले तरी कोणी आलं नाही. बाबांनी सदरा काढून खुंटीला लावला आणि म्हणाले, "कामात असतीन." दिंडं जनकाबाईला द्यायची म्हटलं तर तिच्या दाराला कुलूप. शेजारची ही म्हातारी उन्हाळ्यापासून मलकापूरला लेकीकडे आहे, डोळ्याच्या ऑपरेशनसाठी.

९ ऑगस्ट, राखी

फोन उचलला नाही. मेसेज केला, "करंजाला नवीन पालवी फुटली." निळ्या खुणा आल्या, उत्तर नाही.

मला राग आला आहे, खोटं कशाला लिहू. बॅग भरली म्हणते आणि येत नाही. तिकडे शिकलेल्या मैत्रिणी, तिकडे हसणं. इथे दुकानदार नवरा, ज्याला मले-तुले शिवाय बोलता येत नाही. पहिल्यांदा आली तेव्हा आईचं बोलणं तिला अर्धं कळत नव्हतं. कदाचित अर्धं आवडलंही नसेल.

१३ ऑगस्ट

घरात सांगितलं की शेगावला माल पाहायला जातो. शेगाव मागे पडलं, खामगावला पोचलो. तिथे पेढे घेतले. चिखलीच्या रस्त्याला लागलो आणि घाट दिसायला लागल्यावर गाडी बाजूला घेतली.

काय म्हणणार होतो मी तिथे? बोलावणं नाही, सांगावा नाही. एक तर जावई म्हणजे दशम ग्रह, त्यात बिनबोलावता उगवलेला. सासरे म्हणतील, एवढी घाई? तिला लाज वाटेल. आणि तिला यायचंच नसलं तर ते माझ्या तोंडावर सांगावं लागेल, सगळ्यांसमोर. मी गाडी वळवली. पेढे दुकानात वाटले. कारभारी म्हणाला, "काय बे, गोड बातमी का?" मी म्हटलं, दुकानाचा परवाना रिन्यू झाला.

१८ ऑगस्ट

दीपक आला. मला वाटलं ती गाडीत असेल, मी धावत बाहेर गेलो. एकटाच होता. सुचिताच्या मार्कशीट, पदवीचं प्रमाणपत्र, आणि तिचे स्वेटर, शाल हवे होते. घाटावर हवा थंड असतेच. प्रमाणपत्रांचं काहीतरी विद्यापीठात काम असेल. मी सगळं शोधून नीट प्लास्टिकच्या पिशवीत बांधून दिलं, पावसात भिजू नये म्हणून.

चहा घे म्हटलं तर उभ्यानेच घेतला. बाबांनी त्याला तोंड दाखवलं नाही, आतच बसले. दीपक सारखा माझ्याकडे पाहत होता. "दाजी, काही निरोप?"

मला त्याला करंजावर नेऊन दाखवावंसं वाटलं. नव्या पालवीवर पुन्हा अंडी आली आहेत, तेच फुलपाखरू की दुसरं कोणास ठाऊक. "तिले सांगजो," मी म्हटलं, "दुसरी पिढी सुरू झाली."

त्याने कप खाली ठेवला. "सांगतो," म्हणाला. एरवी जाताना माझ्या पाया पडतो, आज पडला नाही. घाईत होता.

२२ ऑगस्ट, पोळा

बैल सजवले, मिरवले, पूजा झाली. नैवेद्याच्या वेळी आईने इकडेतिकडे पाहिलं आणि दिवा स्वतःच लावला. मी सुचिताला फोन केला नाही. तिचाही आला नाही.

२४ ऑगस्ट

जनकाबाई मलकापूरहून परत आली. काळा चष्मा लावून सगळ्यांच्या घरी जाऊन आली, आता दिसते म्हणून. आमच्याकडे आली आणि पहिला प्रश्न, "सून कोठी हाये? मले नव्या डोयानं पाहू दे."

आई म्हणाली, "माहेरी. त्याइनं आनून घातलीच नाही बाई अजून."

"आनून घातली नाही?" जनकाबाई तशीच उभी राहिली. ती स्वतः देऊळगावकडची, पन्नास वर्षांपूर्वी लग्न होऊन इकडे आलेली. "अवं, तिच्या घरची रीत तशी नाही ना! आमच्या तिकडल्या घराइत नवरा सोता जाते न्याले. पंचमीले जाते, नाही तं राखीले, लईत लई पोळ्याले. पोळ्यापावतर नाही गेला म्हंजे..." ती थांबली.

मी म्हटलं, "म्हंजे काय?"

"म्हंजे त्यानं टाकली. लेक घेऊन बाप सोता कधी येत नाही, येईन तं गळ्यात घालाले आला म्हन्तीन ना लोकं. तुले कोनी सांगतलं नाही काऊन?"

कोण सांगणार होतं? मधला माणूसच नव्हता. बाबा जेवणावरून उठले. आई तोंडाला पदर लावून बसली. माझ्या डोक्यात एकच गोष्ट फिरत होती, पंचमीचा फोन. बॅग भरूनच ठेवली मी.

आत्ता फोन करायचं धाडस होत नाही. सकाळी जातो.

२६ ऑगस्ट

काल गेलो. लिहायचं मन नाही, पण कोणाला सांगणार?

हिंमतराव, माझे सासरे, दारात आले. पाय धुवायला पाणी दिलं, "या" म्हणाले. शिव्या दिल्या असत्या तर मला बरं वाटलं असतं. मला आणि सुचिताला माजघरात बसवून सगळे बाहेर गेले. ती वाळली आहे. गळ्यात मंगळसूत्र होतं, ते मी आधी पाहिलं.

मी एका दमात सगळं सांगितलं, आमची रीत, बाबांचा सदरा, दिंडं, जनकाबाई. ती शांतपणे ऐकत होती. मग म्हणाली, "मला एकदा वाटलं होतं, रीतच माहीत नसंल. म्हणून विचारलं होतं मी, आखाड संपल्यावर तुमच्याकडं कसं असतं. तुम्ही हसलात."

"मंग सरळ म्हनाचं होतं ना, न्याले या म्हनून."

"म्हणलं असतं तर तुम्ही आलाच असता. सांगून आणलेला नवरा मला नको होता. माझंही चुकलं, मी नाही म्हणत नाही. पण मी पंचमीला नवी साडी नेसून ओट्यावर बसले. राखीला बसले. पोळ्याला बसले. बाया मुद्दाम यायच्या पाहायला. जावई येणार म्हणून सांगून बसलेले माझे बाबा पारावर जायचे बंद झाले. आणि तुमचा फोन यायचा, तर अळी, कोष, फुलपाखरू. एकदा तरी म्हणला का, सुचिता, करमत नाही, ये म्हणून?"

मला काहीतरी माझ्या बाजूचं सांगायचं होतं. म्हणून खामगावचं सांगितलं. सांगायला नको होतं. ती इतका वेळ रडली नव्हती. "घाटापर्यंत आला होता? मग परत का गेलात हो?"

मी म्हटलं, "बिनबोलावता कसं यावं, म्हनून."

ती रडायला लागली आणि मला तिच्याजवळ जावं की नाही कळेना. मी तिथेच बसून राहिलो. नंतर तिने तोंड धुतलं आणि सांगितलं. उत्तराखंडात, डोंगरात, फुलपाखरांच्या एका प्रकल्पावर तिची निवड झाली आहे. तीन वर्षांचं काम. गणपती बसले की निघायचं. ती प्रमाणपत्रं, ते स्वेटर, मीच बांधून दिले होते.

"करंजाला पानं आली का सगळी?" तिने विचारलं.

"आली."

"असंच असतं. अळ्यांनी झाड मरत नाही."

मी ही वही सोबत नेली होती. पुढे केली. तिने पहिलं पान उघडलं, दोन ओळी वाचल्या असतील, आणि मिटून माझ्या हातात दिली. "आता नको. वाचलं तर मी जाऊ शकणार नाही. आणि मला जायचंय."

तेव्हा मी म्हटलं. "सुचिता, चाल ना. ये माह्यासंगं." किती सोपं होतं. तिने मान हलवली. "आता नाही हो. आता माझा बाप पारावर जाऊन सांगून आलाय की पोरगी नोकरीला चालली. त्याला पुन्हा एकदा खोटं नाही पाडायचं." मग म्हणाली की पुढचं काय ते मोठी माणसं बोलतील. दारापर्यंत आली. हिंमतरावांनी माझ्या हातावर नारळ ठेवला, जावयाला देतात तसा.

घाट उतरताना गाडी थांबवून रडलो. मग तोंड पुसलं.

एक गोष्ट माझ्या ध्यानातच नव्हती. घरी मी सांगून निघालो होतो की तिला आणायला जातो. परतताना फोन करायचा राहिला. अंगणात गाडी लागली तर दारात आई उभी, नवं लुगडं नेसून, एका हातात पाण्याचा तांब्या, दुसऱ्या हातात भाकरीचा तुकडा. मागे बाबा, पांढऱ्या सदऱ्यात. मी उतरलो. आईने गाडीच्या दुसऱ्या दाराकडे पाहिलं. ते उघडेल म्हणून ती पाहतच राहिली.

"मांगून येऊन राह्यली का?" तिने विचारलं.

मी नुसती नकाराची मान हलवली. बाबा खाली पाहून आत गेले.  आई पुढे आली, माझ्या डोळ्यांना पाणी लावलं, भाकरीचा तुकडा माझ्यावरूनच तीनदा ओवाळला आणि अंगणाबाहेर टाकला.

"ये बाप्पा," म्हणाली, "घरात ये."